‘ओव्हा’ नसलेली नायिका

भाचीच्या प्रागमधल्या घराच्या दारावर ‘जोशिओव्हा’ अशी पाटी होती. मला हसू आवरेना.

“हसू नकोस मावशी,” ती म्हणाली. “घरमालकीणबाईंनी लावलीय. त्यांच्या मते बाईचं आडनाव असं अर्धवट नसतं.”

चेक भाषेची ही रीतच आहे. वडील नोवाक, तर मुलगी नोवाकोव्हा. नवरा हावेल, तर बायको हावलोव्हा. परदेशातल्या बायकांनाही इथली वर्तमानपत्रं ही शेपटी बिनदिक्कत जोडतात. 2022 पासून कायद्यानं चेक बायकांना ‘ओव्हा’शिवाय आडनाव लावायची मोकळीक दिली, पण घरमालकीणबाई सत्तरी ओलांडलेल्या, त्यांच्यापर्यंत कायदा अजून पोचलेला नाही.

पाटीवरून आठवलं, की मी ज्या बाईच्या मागावर इथे आले होते, तिच्या नावात ‘ओव्हा’ नव्हतं. मूकपटांचं मला जुनं वेड. त्या नादात चेक मूकपटांच्या एका यादीत सुझान मार्विल हे नाव पुन्हा पुन्हा दिसलं. आधी वाटलं, कुणी फ्रेंच नटी असेल. मग कळलं, की बाई अस्सल प्रागची. 11 जुलै 1895 चा जन्म, नाव मार्टा श्योलेरोव्हा. चेक सिनेमाची पहिली तारका म्हणून तिची गणना होते. 1918 ते 1937 या काळात ती पडद्यावर होती, आणि अभिनय करता करता तिनं पटकथाही लिहिल्या. नटी म्हणून तिचं नाव निदान जाणकारांना माहीत आहे, लेखिका म्हणून मात्र तेही घेत नाहीत. तीन आठवडे हाताशी होते. ठरवलं, की या बाईच्या काळातलं प्राग पायी शोधायचं.

सुरुवात कार्लोव्हा रस्त्यापासून केली. चार्ल्स पूल ओलांडून जुन्या शहराच्या चौकाकडे जाणारा हा चिंचोळा, वळणावळणाचा रस्ता. दोन्ही बाजूंना काचसामानाची आणि कठपुतळ्यांची दुकानं, आणि गर्दी अशी की आपण चालत नाही, पुढे सरकवले जातो. प्रागच्या घरांवर दोन-दोन क्रमांकांच्या पाट्या असतात, एक लाल आणि एक निळी. पण क्रमांक आले अठराव्या शतकात. त्याआधी घरं नावानं ओळखली जायची आणि दारावर त्या नावाचं चित्र असायचं. सोन्याची विहीर, दोन सूर्य, तीन सारंग्या. याच कार्लोव्हा रस्त्यावर ‘निळ्या माशाचं घर’ आहे, आणि 1907 साली तिथे प्रागमधलं पहिलं कायमचं चित्रपटगृह सुरू झालं.

ते सुरू करणारा व्हिक्टर पोन्रेपो हा मुळात जादूगार. गावोगाव जादूचे प्रयोग करता करता त्यानं हलत्या चित्रांची जादू आपल्या पोतडीत घातली. पोन्रेपो हे काही त्याचं खरं नाव नव्हे. तो दिस्मास श्लाम्बोर. ‘बॉं रपो’ नावाच्या एका गढीवरून त्यानं हे फ्रेंच वळणाचं नाव उचललं होतं.

मग माझ्या लक्षात येऊ लागलं, की चेक सिनेमाच्या पहिल्या पिढीत बारशांची नुसती धूम आहे. 1912 साली नाट्यअभिनेत्री आन्दुला सेदलाच्कोव्हा आणि तिचा वास्तुविशारद नवरा मॅक्स उर्बान यांनी चित्रपटसंस्था चालवली, तिचं नाव ‘आसूम’. आन्दुला सेदलाच्कोव्हा, उर्बान मॅक्स यांची आद्याक्षरं. त्या नावात बायकोची अक्षरं आधी आली, हे मला विशेष आवडलं. वात्स्लाव बिनोवेत्स या दिग्दर्शकानं स्वतःला ‘विली’ करून घेतलं आणि 1918 मध्ये आद्याक्षरं जुळवून ‘वेटेबफिल्म’ काढली. झ्देना स्मोलोव्हा ही नटी, पटकथाकार आणि दिग्दर्शिकाही. तिनं ‘स्मोला’ची अक्षरं फिरवून ‘मोलास’ केलं, पुढे आपल्या ‘झ’चा उच्चार ठेवला आणि झाली झेट मोलास. भाचीनं सांगितलं, की चेकमध्ये ‘स्मूला’ म्हणजे डांबर आणि ‘स्मूला’ म्हणजेच फुटकं नशीब. मग अक्षरं फिरवून घेतली तर तिचं काय चुकलं!

याच वेटेबफिल्ममध्ये 1918 साली मार्टा श्योलेरोव्हाची सुझान मार्विल झाली. त्याच वर्षी 28 ऑक्टोबरला ऑस्ट्रियाची सत्ता झुगारून चेकोस्लोव्हाकिया हे नवं राष्ट्र जन्माला आलं. रस्त्यांची, स्थानकांची जर्मन नावं पुसून चेक नावं लिहिण्याचे ते दिवस, आणि नेमक्या त्याच दिवसांत प्रागची ही मुलगी परकं नाव घेऊन पडद्यावर येते! वरकरणी विसंगत वाटतं, पण मूकपटाचा व्यवहार पाहिला की उलगडा होतो. मूकपटाला भाषा नसते, असतात त्या मधूनमधून येणाऱ्या अक्षरांच्या पाट्या. चेक पाट्या काढून जर्मन घातल्या की तोच चित्रपट बर्लिनला चालतो. अशा बाजारात ‘श्योलेरोव्हा’पेक्षा ‘मार्विल’ सहज खपतं. बिनोवेत्सची नजर सीमेपलीकडे होती, आणि पुढे मार्विलनं जर्मनीतही कामं केली.

दुसऱ्या दिवशी लुसेर्नात गेलो. लुसेर्ना म्हणजे कंदील. वेन्सेस्लास चौकालगतचा हा प्रचंड वाडा वात्स्लाव हावेल यांनी 1907 ते 1921 या काळात बांधला. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या नाटककार हावेल यांचे हे आजोबा. आत दुकानं, नाचाचं सभागृह, कॉफीघर आणि 1909 पासूनचं चित्रपटगृह. छतावरून एक भलामोठा घोडा पाय वर करून उलटा टांगलेला आहे आणि त्याच्या पोटावर संत वात्स्लाव ऐटीत बसलेला. दाविद चेर्नी या शिल्पकाराची ही थट्टा. बाहेर चौकात याच संताचा भारदस्त अश्वारूढ पुतळा आहे, तो बघून आत आलं की थट्टा जास्त रंगते. इथेच ‘पाटरनॉस्टर’ नावाचा बिनदाराचा पाळणा आहे. तो थांबत नाही. वर जाणाऱ्या खोक्यात चालता चालता पाऊल टाकायचं आणि मजला आला की उडी मारायची. भाची सहज चढली. मी दोन खोकी जाऊ दिली, तिसऱ्याला देवाचं नाव घेतलं.

वरच्या कॉफीघरात बसून मी वहीत वर्षं मांडली. 1919, ‘सिवोओकी देमोन’, याकुब आर्बेस यांच्या कादंबरीवरून. 1920, ‘प्लामेनी झिव्होता’, म्हणजे आयुष्याच्या ज्वाळा. 1921 मध्ये तर एकामागून एक चित्रपट, त्यात ‘इर्चिन रोमानेक’ ही शाळकरी मुलीची लाडकी प्रेमकथा. 1922 मध्ये ‘आदाम आ एव्हा’. आणि त्याच वर्षी एक चित्रपट आला, त्याचं नाव ‘मार्विल देटेक्टिव्हेम’, म्हणजे डिटेक्टिव्ह झालेली मार्विल. पहिल्या चित्रपटानंतर चारच वर्षांत प्रेक्षक तिच्या नुसत्या नावावर तिकीट काढत होते. पात्राचं नाव काय आहे, याची कुणाला पडलेली नव्हती.

या धावपळीत पटकथा लिहिणं म्हणजे काय असेल? आजच्यासारखी संवादांची जाडजूड वही त्या काळी नव्हती. प्रसंगांची क्रमवार यादी, कोण कुठून येतं, काय करतं, आणि मधल्या पाट्यांचा मजकूर एवढा ऐवज. पण त्यात एक मेख आहे. पाट्या जास्त झाल्या की प्रेक्षक कंटाळतो, म्हणून जे सांगायचं ते चेहऱ्यानं आणि हातांनी सांगितलं जाईल असाच प्रसंग रचावा लागतो. कॅमेऱ्यासमोर रोज उभ्या राहणाऱ्या नटीला हे गणित टेबलावर बसणाऱ्या लेखकापेक्षा चांगलं कळणार. कुठे थांबलं की श्वास दिसतो, कोणती गोष्ट पाठमोरी राहून जास्त कळते, हे तिला अंगानं माहीत असतं. नटीनं पटकथा लिहिणं मला म्हणूनच नवलाचं वाटलं नाही. सुगरणीनंच पाककृती लिहावी, तसं ते आहे.

आणि ती एकटी नव्हती. ओल्गा राउटेनक्रान्झोव्हा यांनी 1918 मध्येच दिग्दर्शन केलं. तेआ चेर्वेन्कोव्हा यांनी स्वतःची संस्था काढली, पटकथा लिहिल्या, दिग्दर्शन केलं. बोझेना न्येम्त्सोव्हा यांची ‘बाबिच्का’, म्हणजे आजी, ही कादंबरी चेक घराघरात वाचली जाते. ती 1921 मध्ये पहिल्यांदा पडद्यावर आणली चेर्वेन्कोव्हा यांनीच. पुढे त्या ब्राझीलला गेल्या त्या गेल्याच. झेट मोलास तर तिन्ही कामं करत होती. सिनेमाचा धंदा तेव्हा कोवळा होता. कुणी काय करायचं याच्या भिंती अजून उभ्या राहिल्या नव्हत्या. स्टुडिओ मोठे झाले, पैसा आला, कामांची वाटणी झाली, आणि बायकांच्या वाट्याला बहुतेक चेहराच उरला.

दुपारी जेवायला गेलो. मी शाकाहारी म्हटल्यावर वाढप्यानं ‘स्माझेनी सीर’ पुढे ठेवलं. चीजचा जाड तुकडा पावाच्या चुऱ्यात घोळून तळलेला, सोबत बटाटे आणि टार्टर सॉस. पहिल्या दिवशी आवडलं, तिसऱ्या दिवशी वरणभाताची आठवण येऊ लागली.

पुढच्या संध्याकाळी बार्तोलोम्येयस्का रस्त्यावर गेलो. हा उच्चार मी तीनदा चुकले. रस्ता शांत, जरा उदास. साम्यवादी राजवटीत गुप्त पोलिसांमुळे या रस्त्याचं नाव निघालं की लोक आवाज खाली आणायचे. आता इथेच राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचं चित्रपटगृह आहे आणि त्याला नाव दिलंय त्या जादूगाराचं, ‘पोन्रेपो’. लाकडी खुर्च्या, छोटा पडदा, कोपऱ्यात पियानो. संग्रहालयाची स्थापना 1943 ची, म्हणजे ऐन जर्मन ताब्यातली. तोवर किती तरी मूकपट नाहीसे झालेले होते. जुनी फिल्म नायट्रेटची. ती पटकन पेट घेते, आणि पेटली नाही तरी आतून कुजते, चिकट होते आणि शेवटी तिची भुकटी होते. बोलपट आल्यावर मूकपटांना कुणी वाली उरला नाही. त्यातली चांदी काढून घेण्यासाठीही फिल्म्स वितळवल्या गेल्या.

पडद्यावर होता ‘व्हारहानिक उ स्वातेहो व्हीता’, संत व्हीताचा ऑर्गनवादक. साल 1929, दिग्दर्शक मार्टिन फ्रिच. ऑर्गनवादक झालाय कारेल हाश्लर. लेखनात कवी व्हीत्येझस्लाव नेझ्वल यांचाही हात आहे. गोष्ट अशी, की एका रात्री म्हाताऱ्या ऑर्गनवादकाकडे तुरुंगातून पळालेला जुना मित्र येतो, मठात वाढणाऱ्या आपल्या मुलीसाठी पैसे सोपवतो आणि तिथेच जीव देतो. घाबरलेला म्हातारा प्रेत लपवतो. शेजाऱ्याला सुगावा लागतो आणि तो त्याला पिळू लागतो. मुलगी क्लारा मठ सोडून या म्हाताऱ्याच्या आश्रयाला येते. आपल्या बापाचं काय झालं, हे तिला ठाऊक नसतं. क्लारा म्हणजे सुझान मार्विल.

पियानोवाल्यानं पहिला स्वर लावला आणि पुढचा दीड तास मी तिच्याकडे बघत राहिले. तेव्हा ती तेहतीस-चौतिशीची, साकारतेय कोवळी मुलगी. मूकपटातल्या अभिनयाबद्दल आपली समजूत असते, की डोळे गरागरा फिरवायचे आणि छातीवर हात मारायचा. इथे तसलं फारसं काही नाही. मठाच्या शांततेतून बाहेर आलेली मुलगी शहराकडे बघते, तेव्हा ती जवळजवळ काहीच करत नाही. फक्त पाऊल टाकायला थोडा उशीर करते. हा उशीर कुणी लिहिला, कुणी सुचवला, हे पडदा सांगत नाही. पण इतकी वर्षं स्वतः प्रसंग रचलेल्या बाईला तो सापडला, यात मला काही योगायोग वाटला नाही.

फ्रिचचा दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट ‘पाटर व्होयत्येख’. त्यातही मार्विल होती. तेव्हा नाव तिचं होतं, तो नवखा होता. पुढे दोघांनी लग्न केलं, आणि फ्रिच चेक सिनेमातला सर्वांत कामसू दिग्दर्शक ठरला. आता पुस्तकांत तिची ओळख बऱ्याचदा ‘फ्रिच यांची पत्नी’ अशी येते. ‘ओव्हा’ टाळून आलेली बाई शेवटी षष्ठी विभक्तीत सापडली.

दुसऱ्या दिवशी बावीस नंबरच्या ट्रामनं किल्ल्यावर गेलो. ट्राम नदी ओलांडून मालास्त्रानातून चढण चढते, तेव्हा खिडकीची जागा सोडू नये. जाता जाता भाचीला म्हटलं, आकाशवाणीची सकाळची धून आठवते का? तिनं गुणगुणून दाखवली. ती बांधणारा वॉल्टर कॉफमन इथलाच, 1907 मध्ये कार्लोव्ही व्हारीत जन्मलेला आणि प्रागच्या जर्मन विद्यापीठात शिकलेला. 1934 मध्ये तो मुंबईत आला. प्रागचाच विली हास हा पटकथाकारही नाझींपासून जीव वाचवत मुंबईत पोचला आणि मोहन भवनानींच्या चित्रपटांसाठी लिहू लागला. धून आपल्या तीन पिढ्यांना पाठ, पण कॉफमन कुणाला माहीत? भाची म्हणाली, “म्हणजे हा तुझ्या मार्विलचा भाऊच की.”

किल्ल्यातल्या संत व्हीताच्या मंदिराची पायाभरणी 1344 ची आणि ते पूर्ण झालं 1929 मध्ये, संत वात्स्लावच्या सहस्राब्दीच्या वर्षी. जवळजवळ सहा शतकं चाललेलं बांधकाम संपलं त्याच वर्षी फ्रिचचा ऑर्गनवादक पडद्यावर आला, आणि त्याच वर्षी लुसेर्नात प्रागकरांनी पहिल्यांदा बोलपट ऐकला. ऑर्गनवर ज्याचा जीव आहे अशा माणसाची गोष्ट मूक असावी आणि ती मूकपटांच्या अखेरीला यावी, याची मला गंमत वाटली. आत उंच खिडक्यांतून रंगीत ऊन फरशीवर पडलं होतं. वर ऑर्गनचे नळे होते, पण वाजवणारा कुणी नव्हता. म्हणजे मी पाहिलेल्या चित्रपटासारखंच.

बोलपटानं चेक सिनेमाचं गणित उलटंपालटं केलं. पाट्या बदलून बर्लिनला जायची सोय संपली. चेक बोलणारं जग छोटं, पण त्या जगाला स्वतःची भाषा पडद्यावर ऐकायची भूक मोठी होती. या धंद्याचं नवं घर म्हणजे बारान्दोव. तिथे जायला स्मिखोवहून बस घेतली. टेकडीला हे नाव योआकिम बारान्द या फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञावरून मिळालं. इथल्या खडकांत त्यानं कोट्यवधी वर्षांपूर्वीचे ट्रायलोबाइट हे सागरी जीव शोधले. त्या खडकांवर मिलोश हावेल यांनी स्टुडिओ उभारला आणि 1933 च्या जानेवारीत तिथे पहिलं चित्रीकरण सुरू झालं. आराखडा मॅक्स उर्बान यांचा. तोच ‘आसूम’मधला ‘ऊ’ आणि ‘म’. सेदलाच्कोव्हाची अक्षरं मात्र इथे कुठे दिसत नाहीत. बाहेरून लांबच लांब पांढरी इमारत बघितली. आत चित्रीकरण चालू असल्यानं फाटकापाशीच थांबावं लागलं. जवळच्या वसाहतीत रस्ते आणि चौक सिनेमावाल्यांच्या नावांचे. लामाच रस्ता, रेन्वार रस्ता, चॅप्लिन चौक.

मार्विलनं बोलपटांत मोजकीच कामं केली. 1932 मध्ये ‘सेस्त्रा आंगेलिका’, आणि 1937 मध्ये ‘होर्दुबालोव्हे’, कारेल चापेक यांच्या ‘होर्दुबाल’ या कादंबरीवरून. दिग्दर्शक फ्रिचच. आठ वर्षं अमेरिकेत खपून एक शेतकरी कार्पेथियन डोंगरातल्या आपल्या गावी परततो. तो मुलूख आज युक्रेनमध्ये आहे. घरी बायको पोलाना आणि तिच्याजवळचा तरणाबांड गडी. शेवटी होर्दुबाल मेलेला सापडतो. पोलाना फार थोडं बोलणारी बाई, आणि ती भूमिका मूकपटांत घडलेल्या मार्विलकडे आली. मग ती पडद्यावरून उतरली. दीड-दोन वर्षांत जर्मन रणगाडे प्रागमध्ये शिरले. पुढची पंचवीस वर्षं ती कॅमेऱ्यापासून लांब राहिली आणि 14 जानेवारी 1962 ला प्रागमध्येच वारली. 1968 च्या ऑगस्टमध्ये, सोव्हिएत रणगाडे शहरात असताना, फ्रिचही गेले.

नटीच्या हातातली लेखणी मात्र या देशात पुन्हा दिसली. हालिना पाव्लोव्स्का ही लेखिका आणि अभिनेत्री. तिच्या पटकथेवरचा ‘दिकी झा काझ्दे नोव्हे रानो’, प्रत्येक नव्या सकाळीबद्दल आभार, हा चित्रपट 1994 मध्ये आला आणि चेक सिनेमाचा ‘चेस्की लेव्ह’ हा मोठा पुरस्कार मिळवून गेला. त्यातला बाप त्याच कार्पेथियन मुलखातून आलेला, होर्दुबालच्या. यावेळी गोष्ट मात्र मुलगी सांगते.

निघायच्या आदल्या संध्याकाळी घरमालकीणबाईंनी चहाला बोलावलं. भाची दुभाषी. मी कोणासाठी वणवण करत होते, ते त्यांना सांगितलं. त्यांनी कपाळाला आठ्या घालून आठवून पाहिलं आणि एकदम टाळी वाजवली.

“आ, मार्विलोव्हा!”

भाची आणि मी एकमेकींकडे बघतच राहिलो. त्यांच्या आजीच्या तोंडी हे नाव असायचं म्हणे. आजी रविवारी ‘बिओग्राफ’ला, म्हणजे सिनेमाला, जायची आणि घरी आल्यावर आरशापुढे मार्विलसारखी मान तिरकी करून बसायची. बाईंनी ती मान करून दाखवली. मूकपटाची एक प्रत अशीही जपली जाते तर!

उठताना त्यांनी माझ्या हातात आलुबुखाराच्या मुरंब्याची बरणी ठेवली. झाकणावर चिकटवलेल्या कागदावर वळणदार अक्षरात माझं आडनाव होतं, शेवटी ‘ओव्हा’ लावून. भाची खोडायला पेन शोधू लागली.

म्हटलं, “राहू दे. त्यांनी कौतुकानं लिहिलंय.”

बरणी आता पुण्यात माझ्या फडताळात आहे. मुरंबा कधीच संपला. कागद तसाच आहे.